हॉलमधला टीव्ही आणि साउंडबार : भिंतीला भोक पाडण्याआधी आणि पाडल्यानंतर

नवा टीव्ही घरी आला की पाठोपाठ तो बसवायला माणूस येतो आणि विचारतो, "कुठे लावायचा?" आपण भिंतीकडे बोट दाखवतो. तो उभ्याने ब्रॅकेट भिंतीला लावून धरतो, आपणही उभ्यानेच "हां, बरोबर" म्हणतो. उभ्या माणसाच्या डोळ्यांना जी उंची बरोबर वाटते तिथे टीव्ही कायमचा बसतो आणि पुढची सात-आठ वर्षं घरातली सगळी माणसं बसून, मान वर करून तो बघतात. साउंडबार, म्हणजे टीव्हीखाली ठेवायचा लांबट स्पीकर, तर उरलेल्या जागेत जातो. फुलदाणी आणि सेट-टॉप बॉक्सच्या मधे, बहुतेक वेळा युनिटच्या एखाद्या कप्प्यात.

हा क्रमच चुकीचा आहे. आधी बैठक ठरते, बैठकीवरून टीव्हीची जागा आणि उंची, आणि टीव्हीवरून साउंडबारची जागा. या क्रमाने गेलं तर महागडं काहीही न घेता, आहे त्याच वस्तूंमधून चित्र आणि आवाज दोन्ही स्पष्टपणे सुधारतात.

उदाहरण म्हणून आपल्याकडच्या टू बीएचके फ्लॅटमधला 10 बाय 15 फुटांचा हॉल घेऊ. एका टोकाला दार, दुसऱ्या टोकाला बाल्कनी, 55 इंची टीव्ही, वेगळा सबवूफर (बासचा, म्हणजे खर्जातल्या आवाजाचा स्पीकर) असलेला साउंडबार.

आणखी एक गोष्ट आधीच सांगतो, कारण पुढचे सगळे निर्णय तिच्यावर आधारलेले आहेत. आपल्या घरात साउंडबारचं मुख्य काम स्फोट आणि गाड्यांचे आवाज घुमवणं हे नाही. टीव्ही पातळ होत गेले तसे त्यांचे स्पीकर खाली किंवा मागे तोंड करून बसवले गेले. त्यामुळे माणसाचा आवाज समोर येण्याऐवजी आधी भिंतीवर किंवा युनिटवर आपटतो. वर पंखा फुल स्पीडवर, खाली गुळगुळीत फरशी. आजोबांना संवाद कळत नाहीत, म्हणून आवाज 40 वर, आणि जाहिरात लागली की सगळ्यांचे कान किटतात. मांडणी जमली की नाही याची माझी कसोटी एकच: मधल्या आवाजात, पंखा चालू असताना, सोफ्याच्या प्रत्येक जागेवरून संवादातला शब्द न् शब्द कळतो का?

आधी बैठक

बाल्कनीच्या समोरच्या भिंतीवर टीव्ही लावला तर दिवसभर बाल्कनी स्क्रीनमध्ये दिसते. बाल्कनीच्याच बाजूला लावला तर मागून येणाऱ्या उजेडाने डोळे दिपतात. म्हणून अशा हॉलमध्ये टीव्ही 15 फुटांच्या लांब भिंतीवर आणि सोफा त्याच्या समोर, ही रचना बहुतेक वेळा योग्य ठरते. उजेड बाजूने येतो, पडदा ओढला की प्रश्न मिटतो.

आता अंतर. सोफ्यावर टेकून बसलेल्या माणसाचे डोळे मागच्या भिंतीपासून साधारण दोन फूट पुढे असतात. 10 फुटांतून ते दोन गेले, टीव्हीचे चार-सहा इंच गेले, उरले सुमारे साडेसात फूट. घरच्या थिएटरसाठी दोन हिशेब प्रचलित आहेत. स्क्रीनने नजरेचा 30 अंशांचा कोन व्यापावा हा एक, 40 अंशांचा दुसरा. सोप्या भाषेत, टीव्हीच्या इंचांना 1.6 ने गुणलं की पहिल्या हिशेबाचं अंतर मिळतं, 1.2 ने गुणलं की दुसऱ्याचं. 43 इंचीसाठी ते साधारण 4.3 ते 5.7 फूट, 55 इंचीसाठी 5.5 ते 7.3 फूट, 65 इंचीसाठी 6.5 ते 8.7 फूट. म्हणजे साडेसात फुटांवर 55 इंची ठीक बसतो आणि 65 इंचीही डोळ्यांवर येत नाही. घरात मुख्यतः डीटीएचवरच्या साध्या, एचडी नसलेल्या वाहिन्या चालत असतील तर मात्र मोठ्या स्क्रीनचा मोह टाळा. जवळून त्यांचं चित्र भुरकट दिसतं.

सोफा भिंतीला अगदी चिकटवू नका. डोकं भिंतीजवळ आलं की मागून परतलेला आवाज समोरच्या आवाजात मिसळतो, बास फुगतो आणि शब्द बोजड होतात. सहा-आठ इंच जरी पुढे घेता आला तरी फरक कळतो. तेवढीही जागा नसेल तर सोफ्यामागच्या भिंतीवर काचेची फ्रेम लावण्यापेक्षा जाड कापडाचं काहीतरी टांगा.

उंची: बसून मोजा

घरातल्या माणसांना नेहमीसारखं बसवा आणि जमिनीपासून डोळ्यांपर्यंत टेपने मोजा. सोफ्यावर ते माप साधारण 105 ते 110 सेंटीमीटर येतं. जमिनीवर मांडी घालून बसणाऱ्याचं 75 च्या आसपास. दिवाणावर लोडाला टेकणाऱ्याचं या दोन्हींच्या मधे कुठेतरी.

टीव्हीचा मध्यबिंदू या नजरेच्या रेषेत किंवा किंचित खाली हवा. आपल्या घरांत मुलं खाली बसतात, मोठी माणसं वर, म्हणून मी मध्यबिंदू 100 सेंटीमीटरवर धरतो. 55 इंची टीव्ही सुमारे 122 सेंटीमीटर रुंद आणि 68 ते 70 सेंटीमीटर उंच असतो. मध्य 100 वर ठेवला तर खालची कड साधारण 65 वर येते. 45 सेंटीमीटर उंचीच्या टीव्ही युनिटवर सहा-सात सेंटीमीटर उंचीचा साउंडबार ठेवला तर वर तेरा-चौदा सेंटीमीटर मोकळे राहतात. या मापांत सगळं व्यवस्थित बसतं. पण सुताराने युनिटच 75 सेंटीमीटर उंच करून ठेवलं असेल तर टीव्ही आपोआप वर सरकतो. म्हणून नव्या घराचं फर्निचर काढताना युनिट 45 ते 50 सेंटीमीटरच्या वर जाऊ देऊ नका, हे सुताराला पहिल्याच दिवशी सांगा.

पहिल्या दिवशी हा टीव्ही "खाली" वाटेल. पाहुणेही म्हणतील. कारण आल्या-आल्या सगळे तो उभ्याने बघतात. टीव्हीच्या मापाचा पुठ्ठा कापा किंवा वर्तमानपत्रं जोडून तेवढा चौकोन करा, भिंतीला मास्किंग टेपने चिकटवा आणि दोन संध्याकाळ त्याच्यासमोर बसून जेवा-बोला. एवढ्याने घरातली चर्चा संपते.

देवघर, पलंग किंवा स्विचबोर्डामुळे टीव्ही वर लावणं भागच असेल तर पुढे झुकणारं ब्रॅकेट घ्या. बेडरूममध्ये आडवं पडून बघायचं असेल तर टीव्ही उंच असणंच योग्य, तिथेही झुकवता येणारं ब्रॅकेट हवं.

भिंत कसली आहे?

हा प्रश्न विचारल्याशिवाय ड्रिल हातात घेऊ देऊ नका. जुन्या इमारतींतल्या विटांच्या भिंती सरळ असतात. भोक पाडलं, चांगली गिट्टी ठोकली, स्क्रू आवळला, झालं. फक्त गिट्टी विटेत जायला हवी, प्लास्टरमध्ये नव्हे. नव्या टॉवरमध्ये बऱ्याचदा मिवान पद्धतीच्या, म्हणजे साच्यात ओतलेल्या काँक्रीटच्या भिंती असतात. तिथे साधं ड्रिल घसरतं, हॅमर ड्रिल लागतं, पण एकदा भोक पडलं की पकड उत्तम. सगळ्यात जास्त काळजी आपण ज्यांना सिपोरेक्स म्हणतो त्या हलक्या ब्लॉकच्या भिंतीत घ्यावी लागते. ब्लॉक मऊ असतो. साधी गिट्टी आज घट्ट वाटते आणि काही महिन्यांनी भुगा सुटून ढिली होते. अशा ब्लॉकसाठी वेगळ्या लांब गिट्ट्या मिळतात, त्याच वापरा. टीव्हीबरोबर खोक्यात आलेल्या वापरू नका. झुलत्या हाताचं, पुढे ओढता येणारं ब्रॅकेट तर अशा भिंतीवर लावूच नये, कारण टीव्ही पुढे ओढला की वरच्या स्क्रूंवरचा ताण कितीतरी वाढतो. जिप्समच्या पार्टिशनवर लावायचा असेल तर आत प्लायवूडचा आधार हवा, नुसत्या जिप्समवर 15 किलोचा टीव्ही टांगायचा विचारही करू नका.

स्विचबोर्डाच्या सरळ वर आणि सरळ खाली भोक पाडायचं नाही. भिंतीतल्या वायरचा पाइप बहुधा त्याच रेषेत असतो.

आणि एक बारीक गोष्ट, जी हमखास राहून जाते: टीव्हीच्या मागची ब्रॅकेटची भोकं टीव्हीच्या बरोबर मध्यावर असतातच असं नाही. बऱ्याच मॉडेलमध्ये ती खालच्या अंगाला असतात. टीव्ही खोक्यातून काढताना त्या भोकांपासून खालच्या कडेपर्यंतचं अंतर मोजून घ्या आणि भिंतीवरची खूण त्या मापाने करा. नाहीतर उंचीचा इतका हिशेब करूनही टीव्ही दहा-पंधरा सेंटीमीटर इकडेतिकडे जातो.

साउंडबारची जागा

स्क्रीनच्या बरोबर खाली, बरोबर मधोमध, कानांच्या उंचीच्या जितका जवळ जमेल तितका. एवढं साधलं की स्क्रीनवरचा माणूस बोलतो तेव्हा आवाज त्याच्याच तोंडून आल्यासारखा वाटतो. डोळे जिथे ओठ हलताना बघतात तिथेच कान आवाज जोडतात. पण दोन्हींत अंतर फार झालं की हा मेळ तुटतो.

युनिटवर ठेवत असाल तर बार पुढच्या कडेपर्यंत आणा, समोरचा भाग कडेशी अगदी जुळवून. फळीवर मागे सरकवून ठेवला तर आवाज आधी फळीवर आपटतो आणि मग तुमच्याकडे येतो. संवाद गढूळ होण्याचं हे मोठं कारण आहे आणि त्यावरचा उपाय फुकट आहे.

कप्प्यात किंवा कोनाड्यात कधीही नाही. बंद कप्प्यात आवाज कोंडतो आणि माणसं मडक्यातून बोलल्यासारखी ऐकू येतात. बाजूला किंवा वर स्पीकर असलेला बार कप्प्यात गेला तर त्याचे निम्मे पैसे वाया. बारवर डॉयली, गणपतीची मूर्ती, रिमोट, काही ठेवायचं नाही.

टीव्ही भिंतीवर नसून पायांवर उभा असेल तर खरेदीआधी दोन मापं घ्या: दोन पायांमधलं अंतर आणि टेबलापासून स्क्रीनच्या खालच्या कडेपर्यंतची उंची. बार त्या उंचीपेक्षा जाड निघाला तर तो चित्राची खालची पट्टी झाकतो, आणि बऱ्याच टीव्हींमध्ये रिमोटचा सेन्सर तिथेच असतो. काही टीव्हींचे पाय दोन उंचींवर लावता येतात. ते आधी बघा.

भिंतीवर लावायचा असेल तर टीव्हीच्या खालच्या कडेपासून पाच-दहा सेंटीमीटर सोडा. टीव्ही आधीच फार उंच लागलेला असेल आणि हलवणं शक्य नसेल तर बार युनिटवर खाली ठेवायचा की टीव्हीजवळ टांगायचा? दोन्ही ठिकाणी तात्पुरता ठेवून ऐका. टीव्ही कानांपासून दीड-दोन फूट वर असेल तर मी बार टीव्हीच्या अगदी खाली लावेन. त्याहून उंच असेल तर टीव्हीच खाली घेईन. दोन भोकं बुजवून रंग मारणं हे रोजच्या मानदुखीपेक्षा स्वस्त पडतं.

वायर आणि कोणती जागा

टीव्हीच्या मागे केबल लावायच्या तीन-चार एचडीएमआय जागा असतात. त्यांतल्या एकीवरच 'आर्क' (ARC) किंवा 'ई-आर्क' (eARC) असं छापलेलं असतं. साउंडबारची केबल त्याच जागेत, आणि बारच्या बाजूलाही तसंच लिहिलेल्या जागेत. सेट-टॉप बॉक्स, गेमचा खोका वगैरे टीव्हीच्या उरलेल्या जागांमध्ये. आवाज आपोआप टीव्हीतून बारकडे जातो आणि टीव्हीच्याच रिमोटने कमी-जास्त होतो.

ऑप्टिकल वायर हा जुना पर्याय आहे. ती स्टिरिओ आणि जुन्या पद्धतीचा डॉल्बी डिजिटल 5.1 आवाज नेते, पण ओटीटीवरचा अ‍ॅटमॉस (डॉल्बीचाच, वरूनही आवाज आल्यासारखा वाटणारा प्रकार) तिच्यातून जात नाही. आर्कमधून ओटीटीचा अ‍ॅटमॉस जाऊ शकतो, कारण तो दाबून लहान केलेला असतो. ब्लू-रे डिस्कवरच्या पूर्ण दर्जाच्या आवाजाला मात्र ई-आर्कच लागतं. ब्लूटूथने बार जोडू नका. आवाज दबतो आणि ओठांच्या मागे पडतो. फोनवरची गाणी लावायला ब्लूटूथ ठीक आहे.

घराचं काम चालू असेल तर टीव्हीच्या मागून युनिटपर्यंत भिंतीत दोन इंची पाइप टाकून घ्या. वायरमन एक इंची टाकतो म्हणेल, पण वळणावर एचडीएमआयचं तोंड त्यात अडकतं. पाइपला काटकोनात एल्बो नको, सावकाश वळण हवं. विजेची वायर त्यात घालू नका, तिचा पाइप वेगळा. आणि प्लग मोजा: टीव्ही, बार, सेट-टॉप बॉक्स, राउटर हे चार टीव्हीमागे, शिवाय पाचवा सबवूफर जिथे जाईल तिथे. सबवूफर "वायरलेस" असला तरी त्याला वीज लागतेच, हे दुकानात फारसं कोणी सांगत नाही.

सेटिंग

जोडणी झाल्यावर टीव्हीच्या सेटिंगमध्ये जाऊन एचडीएमआय-सीईसी, म्हणजे एकाच रिमोटने टीव्ही आणि बार दोन्ही चालवायची सोय, चालू करा. प्रत्येक कंपनीने त्याला वेगळं नाव दिलंय: सॅमसंगमध्ये एनीनेट प्लस, एलजीमध्ये सिंपलिंक, सोनीमध्ये ब्राव्हिया सिंक. मग आवाजाच्या विभागात आउटपुट 'एचडीएमआय आर्क', ई-आर्क 'ऑटो' आणि डिजिटल आउटपुट 'ऑटो' किंवा 'पासथ्रू'. टीव्हीचे स्वतःचे स्पीकर बंद झालेत याची खात्री करा. दोन्हीकडून थोड्या फरकाने आवाज आला की शब्द पुसट होतात.

आवाज ओठांच्या पुढे पळत असेल तर बारमधलं 'एव्ही सिंक' थोडं थोडं वाढवा. आवाज मागे पडत असेल तर ते शून्यावर आणा, आणि तरीही मागेच राहिला तर डिजिटल आउटपुट 'पीसीएम' करून बघा. बातम्या देणाऱ्याच्या तोंडाकडे बघत हे करणं सोपं जातं.

मालिका, बातम्या, नाटकाचं रेकॉर्डिंग यांना 'व्हॉइस' किंवा 'क्लिअर डायलॉग' मोड. रात्री 'नाइट मोड', ज्यात मोठे आवाज दबतात आणि हळू आवाज वर येतात. 'सराउंड' नावाचा कृत्रिम मोड संवादांच्या कार्यक्रमांना बंदच ठेवा.

सबवूफर आणि खालच्या मजल्यावरची माणसं

सबवूफर कुठेही ठेवा, बासला दिशा नसते, असं सांगितलं जातं. ते सुमारे 80 हर्ट्झच्या खालच्या आवाजापुरतं खरं आहे. साउंडबारमधले स्पीकर छोटे असल्याने त्यांचा सबवूफर त्याच्या बराच वरचा भागही वाजवतो, भारदस्त पुरुषी आवाजाचा खालचा पट्टा धरून. तो सोफ्याच्या मागे ठेवला तर आवाजाचा एक तुकडा मागून आल्यासारखा वाटतो. म्हणून टीव्हीच्याच भिंतीशी, बारच्या तीन-चार फुटांच्या आत ठेवा.

कोपऱ्यात ठेवला की बास वाढतो, पण घुमतोही. खोलीच्या मापाप्रमाणे काही ठरावीक स्वर तिथे फुगतात. 15 फुटांच्या लांबीत तो साधारण 38 हर्ट्झ, 10 फुटांच्या रुंदीत 56. म्हणून एकाच गाण्यातला एखादा ठोका धडाम वाजतो आणि पुढचा जाणवतही नाही. जागा शोधायची जुनी, खात्रीची पद्धत अशी: सबवूफर तात्पुरता सोफ्यावर, तुमच्या बसायच्या जागी ठेवा. तबला-डग्गा किंवा बास गिटार स्पष्ट असलेलं गाणं लावा. मग ज्या ज्या जागी सबवूफर ठेवता येईल तिथे खाली वाकून ऐका. जिथे बास सपाट आणि स्वच्छ ऐकू येईल, गुरगुरणार नाही, ती त्याची जागा.

फ्लॅटमध्ये बास हवेतून जातो त्यापेक्षा जास्त स्लॅबमधून जातो. सबवूफरखाली जाड रबर किंवा फोमचा पॅड ठेवा, शेजाऱ्यांच्या भिंतीला टेकवू नका, आणि दहानंतर त्याची पातळी निम्म्याखाली. 2000 सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांत निवासी भागासाठी दिवसा 55 आणि रात्री दहा ते सकाळी सहा 45 डेसिबलची मर्यादा आहे. पण आकड्यांपर्यंत जायची वेळच येऊ नये. खालच्या मजल्यावरच्यांना एकदा जाऊन विचारा, ऐकू येतं का.

मागचे स्पीकर, अ‍ॅटमॉस आणि खोली

मागचे दोन स्पीकर असतील तर ते तुमच्या बाजूला, खांद्याच्या रेषेच्या थोडे मागे, कानांच्या उंचीवर किंवा जरा वर. सोफा भिंतीलगत असेल तर सोफ्याच्या दोन्ही टोकांना, आतल्या बाजूला वळवून. एल आकाराच्या सोफ्यात सगळ्यांना समान सराउंड मिळणार नाही, ते मान्य करा.

वर तोंड असलेल्या अ‍ॅटमॉस स्पीकरांचा आवाज छतावर आपटून खाली येतो. त्यासाठी छत सपाट, टणक आणि साधारण साडेसात ते 12 फूट उंच हवं. सपाट पीओपी चालतं. बारच्या बरोबर वर खोल खाच असलेली सीलिंग असेल तर परिणाम विरतो. कोकणातल्या कौलारू, उतरत्या छपराखाली तर या स्पीकरांवर पैसे घालूच नयेत, त्या पैशात मागचे स्पीकर घ्या.

शेवटी खोली. हॉलच्या मधोमध उभे राहून एक जोरदार टाळी वाजवा. मागून टणटणीत शेपूट ऐकू आली तर फरशी, काच आणि रिकाम्या भिंती आवाज परतवतायत. सोफा आणि टीव्ही यांच्यामध्ये एक जाड सतरंजी किंवा गालिचा, बाल्कनीला झिरझिरीत पडद्याऐवजी जाड पडदा, एखादं पुस्तकांचं उघडं कपाट. नवा बार घेण्याआधी हे करून बघा. पंखा एक नंबरने कमी केला तरी संवाद उठून येतात.

सगळं जमल्यावर एकदा मेन स्विच बंद करून पुन्हा चालू करा. लाइट जाऊन आल्यावर काही टीव्ही आवाज पुन्हा स्वतःच्या स्पीकरवर घेतात. तसं झालं तर सेटिंगमध्ये 'पॉवर सिंक' किंवा तशा नावाचा पर्याय चालू करा. त्यानेही नाही जमलं तर आउटपुट बदलायची बटणं कोणत्या क्रमाने दाबायची ते मराठीत मोठ्या अक्षरांत लिहून युनिटच्या ड्रॉवरमध्ये ठेवा आणि दुपारी घरी एकटं असणाऱ्या माणसाकडून ते एकदा करून घ्या.